ऊर्फ गोदावरी

पहिला पुकारा दारात उभं राहून केला. दुसरा व्हरांड्याच्या टोकाला जाऊन. तिसरा पायऱ्या उतरून, झाडाखालच्या बाकांकडे तोंड करून.

"गोदावरी बाबुराव...! गोदावरी बाबुराव...!"

कोणी उठलं नाही. बाकांवर चार-पाच माणसं होती. एक बुढी होती, मांडीवर कापडी पिशवी. ती माझ्याच तोंडाकडे पाहत होती. मी आत गेलो आणि मान हलवली. बेंच क्लार्कनं, म्हणजे जजसाहेबांच्या पुढ्यात खाली बसतो त्या कारकुनानं, लिहिलं: प्रतिवादी पुकारूनही गैरहजर. आमच्या जज मॅडमनी सही केली. दावा एकतर्फी झाला. म्हणजे इथून पुढं एकाच बाजूचं ऐकायचं.

ती बाकावरची बुढीच गोदावरी होती. हे मला दोन तारखा उलटल्यावर कळलं.

मी कोर्टात पट्टेवाला होतो. चौथी पास. सगळी नोकरी बुलढाणा जिल्ह्यातल्या तालुक्याच्या कोर्टांत झाली. हे जिथं घडलं त्या तालुक्याचं नाव लिहीत नाही, आडनावंही लिहीत नाही. माणसं हयात आहेत आणि त्यांचं एकदा चव्हाट्यावर आलं तेवढं पुरे. माझं काम पाणी ठेवायचं, फायली उचलायच्या आणि पुकारा करायचा. सिनेमात दाखवतात तसं हाजीर हो वगैरे काही नसतं. नाव घ्यायचं, तीन वेळा, बाहेरच्याला ऐकू जाईल असं. माझा आवाज चांगला होता. रस्त्यापलीकडच्या चहावाल्याला ऐकू जायचा. दिवसाच्या केसेसची यादी दारावर लागते, तिला बोर्ड म्हणतात. बोर्ड संपला की कोर्ट उठतं.

त्या दिवशी बोर्ड सुरू व्हायच्या आधीच ती बुढी माझ्याकडे आली होती.

"भाऊ, सुमनबाईचं नाव आलं का?"

मी बोर्डावरून बोट फिरवलं. सुमन कोणी नव्हती. "नाही आज. कोन्या केसमधी हाय तू?"

"मले नाही माहीत बाप्पा. माह्या भावानं केस केली म्हणते. माहेरच्या शेजारणीनं फोन केला, दारावर कागद चिकटवेल हाय, आजची तारीख हाय म्हणे."

"नाव आलं की ऐकू येईन. बस तिकडं."

ती बसली. दुपारी पिशवीतून भाकर काढून खाल्ली. सांजच्याला पाच वाजता परत आली. "माहं नाव तं आलंच नाही भाऊ." मी म्हटलं, नाही ना आलं, मग जा घरी. ती गेली नाही. फाटकाकडं हात करून म्हणाली, "तो पांढऱ्या टोपीवाला गेला ना आता, त्याची पुढची तारीख कोनती?" मी पाहून सांगितली. तारीख सांगायला बंदी नाही, कोणालाही सांगतात.

पांढऱ्या टोपीवाला म्हणजे पुंडलिक वल्द बाबुराव. दावा लावणारा. तिचा सख्खा भाऊ.

त्यानं तिला बाकावर बसलेलं पाहिलं होतं. मी तीनदा ओरडत होतो तेव्हा तो दारात माझ्या बाजूला उभा होता. गप होता. हे मला तेव्हा दिसलं, कळलं नाही.

दुसऱ्या तारखेला ती परत आली. त्या दिवशी तर गोदावरीचा पुकारा नव्हताच. एकतर्फी झाल्यावर प्रतिवादीला पुकारत नाहीत. पुंडलिकनं आपलं शपथपत्र दिलं: बापाचं वावर माझ्या एकट्याचं, बहिणीनं लग्नानंतर तोंडी हक्क सोडला, कोर्टानं तसं जाहीर करावं. वकिलानं दोन मिनिटं भाषण केलं. निकालाला पंधरा दिवसांची तारीख पडली. बुढी बाहेर बसून होती. सांजच्याला पुन्हा तेच.

"सुमनबाईचं नाव नाही आलं ना?"

माझा धीर सुटला. "काऊन येतं वं बुढे रोज रोज? सांगतलं ना एकदा, बोर्डावर नाव नाही तुहं! लोकायले कामं नाहीत काय?"

तिनं पिशवी उचलली. जाताना एवढंच म्हणाली, "कापसाचे दिवस हाय भाऊ. लोकायचा कापूस येचतो मी. एक दिवस आलो का त्या दिवसाची रोजी जाते. उगाच नाही येत."

ही गोष्ट मी घरी सांगितली. सकाळी, डबा भरणं चालू होतं तेव्हा. घरी म्हणजे बायकोला. माझी बायको शांता. तिला जाऊन आता वर्ष होईल. तिच्यावाचून ही केस मला कधीच समजली नसती, म्हणून तिचं इथं लिहितो. नाहीतर घरचं कशाला लिहायचं.

मी म्हटलं, "एक बुढी येते, डोक्यानं कमी दिसते. केस नाही, काही नाही, दिवसभर बसते."

शांता भाकर थापत होती. "केस कोनं केली म्हणे?"

"भावानं."

"मंग भाऊ कोनतं नाव लिहीन?"

"म्हणजे?"

"भावाले तिचं सासरचं नाव कायले पाहिजे? त्याले जे माहीत तेच लिहीन तो. माहेरचं." तिनं भाकर उलटली. "तुमी सुमन पाहून राह्यले कागदावर. ती तठी दुसरीच कोनी असन."

मी घास हातात धरून बसलो. आमच्याकडं लग्नात पोरीचं नाव बदलतात. ताटात तांदूळ पसरून नवरा बोटानं नवीन नाव लिहितो, लोक टाळ्या वाजवतात, पेढे वाटतात. त्या दिवशी जुनं नाव संपलं. माणूस तेच. मी कोर्टात तीस वर्षं नावं ओरडत होतो आणि हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं.

"माहं माहेरचं नाव काय, सांगा बरं," शांता म्हणाली.

मला येईना.

"पत्रिकेत होतं," मी म्हटलं.

"पत्रिकेत होतं हे मलेही माहीत हाय. काय होतं?"

"अमडापूरले, तुह्या माहेरी, तुले सगळे बाई म्हणत."

"बाई तं सगळ्यायलेच म्हणते." ती हसायला लागली. पदर तोंडाला लावून हसली. "अडतीस साल झाले, याइले नाव नाही माहीत! आन म्हणे कोर्टात नाव पुकारतो."

"सांग ना मंग."

"अशी नाही सांगत. तुमी पुकारा करान तवा सांगीन."

मी डबा घेऊन निघालो. तिला मी कधी शांता म्हणूनही हाक मारली नव्हती. आमच्या वेळेस नवरा-बायको एकमेकांचं नाव घेत नव्हते. ऐकलं का म्हणायचं. मुलगा झाल्यावर सुनीलची माय. दिवसभर कोर्टात परक्याची नावं घ्यायची आणि घरी आल्यावर ऐकलं का. तेव्हा त्यात वावगं वाटत नव्हतं.

निकालाच्या तारखेला मी सकाळपासून पायरीवर उभा होतो. ती येईल का नाही याची खात्री नव्हती, माझ्याच तोंडानं तिला हाकललं होतं. साडेअकराला आली.

"बुढे, तुहं माहेरचं नाव काय हाय?"

तिनं माझ्याकडं पाहिलं. जणू मी काही भलतंच विचारलं. मग थोडा वेळ लागला तिला. खरंच लागला.

"गोदावरी."

"मंग मी पह्यल्या तारखेले गळा फाडून वरडलो तवा काऊन नाही उठली?"

"ऐकलं ना मी," ती म्हणाली. "मले वाटलं, कोनाच्या तरी पोरीले बोलावून राह्यले."

मी आत जाऊन बेंच क्लार्कच्या कानाशी लागलो. तो माझ्यापेक्षा वयानं लहान, पण कायद्यानं वागणारा. म्हणाला, "महादेवभाऊ, तुम्ही पट्टेवाले आहात. पक्षकाराला सल्ला देणं तुमचं काम नाही. उद्या पुंडलिकच्या वकिलानं अर्ज केला तुमच्यावर, तर पेन्शनच्या तोंडावर चौकशी लागेल."

बरोबर होतं त्याचं. मी सल्ला दिला नाही. मी फक्त तिला दाराच्या आत आणून उभं केलं आणि म्हटलं, "ते पुंडलिकचं नाव निघालं का पुढं जाय, आन जे मले सांगतलं ते त्या बाईसाहेबाले सांग."

केस निघाली. मॅडमनी निकालाचा कागद पुढं ओढला. बुढी चपला काढून पुढं गेली. हात जोडले.

"मी गोदावरी हाय."

पुंडलिकचा वकील उठला. "मॅडम, ही बाई कोण आम्हाला ठाऊक नाही."

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "बाई, तुम्ही प्रतिवादी आहात?"

"मले ते नाही समजत. गोदावरी मी. बाबुरावची पोरगी. हा माहा भाऊ."

"मग आतापर्यंत का आला नाहीत?"

"तिन्ही बार आलो ना मी. या भाऊले इचारा."

सगळे माझ्याकडे पाहायला लागले. मॅडमनी विचारलं, "हे खरं आहे?" मी म्हटलं, "खरं आहे मॅडम. बाहेर बसून होती. नाव सुमन सांगत होती." बेंच क्लार्कनं मान खाली घातली.

"तुम्हाला वकील आहे का?" मॅडमनी बुढीला विचारलं.

"हाय. पन तो पल्याडच्या कोर्टात हाय. माह्या केसचा."

"तुमची कोणती केस?"

तेव्हा सगळं बाहेर आलं. बापाची दोन वावरं. एक आमच्या तालुक्यात, दुसरं नाल्यापलीकडं, शेजारच्या तालुक्यात. नवरा वारला, त्याला जमीन नव्हती, मूलबाळ नाही, म्हणून हिनं दोन वर्षांपूर्वी बापाच्या दोन्ही वावरांत अर्धा वाटा मागितला. दावा लावला पलीकडच्या कोर्टात, कारण तिथला वकील ओळखीचा होता. जमीन दोन तालुक्यांत असली तर कोणत्याही एका कोर्टात लावता येतो. दाव्यात नाव लिहिलं सुमन बेवा नारायण. पुंडलिक तिकडं तारखा घेत राहिला आणि इकडं येऊन आमच्या कोर्टात गोदावरीवर दुसरा दावा लावला. पत्ता दिला स्वतःच्याच घराचा. समन्स घेऊन बेलीफ गेला तर घरचे म्हणाले बाई गावाला गेली. बेलीफनं नियमाप्रमाणं कागद दारावर चिकटवला. पुंडलिकच्याच दारावर.

आमच्या वऱ्हाडातल्या कागदांत जुने शब्द अजून चालतात. वल्द म्हणजे अमक्याचा मुलगा. जौजे म्हणजे अमक्याची बायको. बेवा म्हणजे अमक्याची विधवा. पुरुष जन्मला की मरेपर्यंत वल्द. बाईचं कागदावर दोनदा बदलतं, लग्नात आणि नवरा मेल्यावर, आणि आमच्याकडं त्यात नावही बदलतं. एकाच बाईच्या नावानं दोन कोर्टांत दोन दावे होते आणि कागद पाहणाऱ्याला त्या दोन बाया दिसत होत्या. एका कोर्टानं म्हटलं असतं हिचा वाटा आहे, दुसऱ्यानं म्हटलं असतं नाही. दोन्ही निकाल शिक्क्याचे.

मॅडमनी निकाल थांबवला. तिला वकील आणायला वेळ दिला.

वकील आला. तरुण होता, बोलायला पक्का. त्यानं आमच्याकडं अर्ज दिला की एकतर्फी हुकूम रद्द करा. आणि बुलढाण्याला जिल्हा न्यायाधीशांकडे दुसरा अर्ज दिला की दोन्ही दावे एका कोर्टात आणा. याला ट्रान्सफर म्हणतात. एका तालुक्याचं कोर्ट दुसऱ्या तालुक्याची केस आपण होऊन ओढून घेऊ शकत नाही, वरच्यानं हुकूम द्यावा लागतो. आणि एका कोर्टात आल्यावर दोन्हींचा पुरावा एकदाच घ्यायचा, निकाल एकच लिहायचा, याला वकील लोक क्लब करणं म्हणतात.

पुंडलिकनं बुलढाण्याला विरोध केला. त्याचं म्हणणं, तिकडची वादी सुमन, इकडची प्रतिवादी गोदावरी. माणसं वेगळी, मग केस एक कशी? सुमन नावाच्या बाईला मी ओळखत नाही. असं लिहून दिलं. खाली सही.

जिल्हा न्यायाधीशांनी हुकूम केला: जमीन तीच, भाऊ तोच, दावे एकत्र चालवा. दोन बाया एकच आहेत का, हे पुरावा घेऊन ठरवा. केस आमच्या कोर्टात आली, कारण मोठं वावर आमच्याकडं आणि साक्षीदारही इकडचे.

रेकॉर्ड आणायला मलाच पाठवलं. एसटीनं गेलो. पलीकडच्या कोर्टातून गठ्ठा मोजून घेतला, पानं पाहिली, सही केली. येताना मांडीवर ठेवून आलो. लाल कपड्यात बांधलेला. मागच्या सीटवर नांदुऱ्याचा एक व्यापारी होता, म्हणाला, "काय हाय बाबा, पोथी?" मी म्हटलं, "बुढीचं वावर हाय." तो हसला. माझ्या कोर्टात आल्यावर दोन्ही गठ्ठे मी एकावर एक ठेवले आणि एकाच नाडीनं बांधले. क्लब करणं म्हणजे शेवटी एवढंच असतं, पट्टेवाल्याच्या बाजूनं पाहिलं तर.

मग आला ऊर्फचा अर्ज. दाव्याच्या मथळ्यात, जिथं नावं असतात, तिथं सुमन बेवा नारायण ऊर्फ गोदावरी असं लिहायची परवानगी द्या. पुंडलिकच्या वकिलानं जोर लावला. "लग्नाची नोंद नाही. शाळेचा दाखला नाही. नाव बदलल्याचं कोणतंही राजपत्र नाही. उद्या कोणीही येईल आणि म्हणेल मी ऊर्फ अमकी."

मॅडम थोडं हसल्या. त्यांचं लग्न मागच्या वर्षीच झालं होतं. त्यांच्या दारावरची जुन्या नावाची पाटी मीच स्क्रू काढून उतरवली होती आणि नवीन लावली होती. त्या म्हणाल्या, "वकीलसाहेब, या खोलीत बसलेल्या किती बायकांकडे राजपत्र असेल?" पण हुकूम लगेच दिला नाही. म्हणाल्या, साक्ष होऊ द्या, मग ठरवू.

मी हे घरी सांगितलं तेव्हा शांतानं विचारलं, "मंग बुढीचं कोन सांगन, ती तीच हाय म्हणून?"

"गावात म्हातारं कोनी राह्यलं नाही. शेजारीण म्हणते, भावाच्या इरोधात साक्ष नाही देत."

"मंग भाऊच सांगन."

"तो तं म्हणते ओळखत नाही."

"लिहून दिलं त्यानं. तोंडानं नाही म्हटलं अजून." तिला कोर्टातलं काही ठाऊक नव्हतं, पण बोलली असं.

पुंडलिकची साक्ष उन्हाळ्याच्या तोंडावर झाली. पिंजऱ्यात उभा राहिला. टोपी काढून हातात घेतली. साठी ओलांडलेला माणूस. शपथ मीच दिली. गोदावरी मागच्या बाकावर बसली होती, पिशवी मांडीवर. तिच्या वकिलानं उलटतपास सुरू केला.

"तुम्हाला बहिणी किती?"

"एकच."

"नाव?"

"गोदावरी."

"लग्नानंतरचं नाव?"

"याद नाही."

"लग्नाला होतात ना?"

"होतो. लहान होतो मी."

"मागं बसलेली बाई कोण?"

त्यानं मागं पाहिलं नाही. "नाही ओळखत."

"पाहून सांगा."

"नाही ओळखत म्हटलं ना."

वकिलानं हातातला कागद मिटला. मला वाटलं संपलं. मग त्यानं आवाज खाली आणून विचारलं, "मायबाप दिवसभर वावरात जायचे. तुम्हाला लहानपणी कडेवर कोण घ्यायचं?"

"बहीण."

"तिला घरात गोदावरी म्हणायचे?"

"नाही."

"मग हाक काय मारायचे?"

पुंडलिक टोपी चुरगाळत होता. "गोदे," तो म्हणाला.

"ओ," बुढी म्हणाली.

तिनं मुद्दाम दिली नाही ओ. तोंडातून निघून गेली. निघाल्यावर तिनं तोंडावर हात धरला. अर्धी उठली होती, तशीच राहिली. मी तीन पुकारे केले होते, चहावाल्याला ऐकू जातील असे, तेव्हा ही जागची हलली नव्हती. आणि हा अर्ध्या आवाजात बोलला, तेही वकिलाला उत्तर म्हणून.

पुंडलिकनं मागं वळून पाहिलं. त्यानं पिंजऱ्याची दांडी धरली.

मॅडमनी विचारलं, "आता ओळखलंत?"

तो म्हणाला, "हाव."

मॅडमनी ते जसंच्या तसं लिहून घेतलं. ओ सुद्धा. ऊर्फचा अर्ज त्याच दिवशी मंजूर झाला. पुढच्या तारखेला मी पुकारा केला: "सुमन बेवा नारायण ऊर्फ गोदावरी बाबुराव!" ती दारातच उभी होती. म्हणाली, "हाय ना भाऊ, वरडता कायले."

दोन्ही दाव्यांचा निकाल एकच लागला. पुंडलिकचा दावा फेटाळला. बहिणीचा मंजूर, दोन्ही वावरांत अर्धा वाटा. मोजणी होऊन धुरे, म्हणजे शेताचे बांध, पडायला आणखी वर्ष गेलं, ते महसूलवाल्यांचं काम असतं.

त्यानंतर ती एकदा निकालाची नक्कल घ्यायला आली होती. मी विचारलं, "काय मंग, आता तं स्वतःचाच कापूस येचून राह्यली?"

"हाव. वावर भेटलं." ती पायरीवर बसली. "पुंडलिक बोलत नाही. धुऱ्यावर समोरासमोर आलो तरी मान फिरवते. कोर्टात म्हटलं तेवढंच. आता मले गोदे म्हननारं कोनी नाही राह्यलं भाऊ."

मी म्हटलं, मी म्हणतो. ती हसली. "तुमच्यानं नाही होत ते. तुमचा पुकारा हाय."

मी रिटायर झालो. निरोपाच्या दिवशी शांता आली होती, नवीन लुगडं नेसून. बेंच क्लार्क म्हणाला, भाऊ, एक शेवटचा पुकारा करा. सगळे हसले. मी काय नाव घेऊ म्हणून इकडंतिकडं पाहिलं. शांता समोरच होती. तिनं भुवई उडवली, सांगू का म्हणून. मला लाज वाटली, चार माणसांत बायकोचं नाव कसं घ्यायचं. मी उगाच मॅडमच्या ड्रायव्हरचं नाव घेतलं. पेढे खाल्ले. घरी आलो.

मागच्या वर्षी तिच्या डोक्यात रक्ताची गाठ झाली. सकाळी चहा ठेवताना पडली. अकोल्याला नेलं. दुपारी डॉक्टर म्हणाले, "आजोबा, नावानं हाक मारा. ओळखीच्या आवाजाला कधी कधी पेशंट डोळे उघडतो."

मी म्हटलं, "ऐकलं का."

"नावानं मारा."

"शांता." सवय नव्हती, हळूच निघालं. पुन्हा म्हटलं. तिसऱ्यांदा कोर्टातल्यासारखं म्हटलं. वॉर्डातली सगळी माणसं वळली. नर्स म्हणाली, आजोबा, हळू. तिची पापणीसुद्धा हलली नाही. डॉक्टरांनी कागदावर काहीतरी लिहिलं. तीन पुकाऱ्यांनंतर काय लिहितात ते मला वाचावं लागत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती गेली.

दहाव्याला अमडापूरचा मेहुणा आला होता. थकलेला माणूस. भिंतीला टेकून बसला आणि लोकांना सांगत होता, "आमची कवसी लहानपनी विहिरीच्या कठड्यावर चढून बसे. कोनाच्या बापाले भ्याय नाही. मी खालून बोंबलो, कवसे, उतर. तवा उतरे."

मी विचारलं, "कोन कवसी?"

सगळे माझ्याकडं पाहायला लागले. मेहुणाही.

कौसल्या होतं तिचं नाव. मोबाईल दवाखान्यात माझ्या खिशातच होता. मेहुण्याला एक फोन लावून विचारता आलं असतं, नाहीतर फोन तिच्या कानाला लावून म्हणता आलं असतं, घे, तूच मार हाक. सुचलं नाही. ती उठली असती असं मी म्हणत नाही. गाठ मोठी होती, डॉक्टरांनी फोटो दाखवला. पण गोदावरीची केस मी डोळ्यांनी पाहिली होती, गठ्ठे माझ्या हातानं बांधले होते, आणि मला सुचलं नाही. नंतर तिच्या मरणाच्या दाखल्यावर शांता जौजे महादेव असं आलं. माझ्या कागदांवर काही बदललं नाही. बायको मेलेल्या पुरुषाला कागदावर वेगळा शब्द नाही. मी अजून वल्दच आहे.

गोदावरीच्या निकालानंतर मॅडमनी आमच्या कोर्टात तोंडी सांगून ठेवलं होतं: बाई पक्षकार असली की माहेरचं-सासरचं दोन्ही नाव विचारा आणि पुकाऱ्यात दोन्ही घ्या. मी रिटायर होईपर्यंत तसंच केलं, एकदाही चुकलो नाही. समोर बसलेला माणूस कागदावर गैरहजर होतो तो बहुतेक वेळा पुकारणाऱ्याच्या चुकीनं, एवढं मला कोर्टात समजलं. घरी ते लागू करायचं राहिलं. विचारायला एक मिनिट लागलं असतं, आणि ती सांगायला तयार बसली होती.

मला नाव कळलं तेव्हा बोर्ड संपला होता.